कायदा एकीकडे, विवेक दुसरीकडे: गुलामगिरीविरोधी चळवळीवर काय वाचू?

सायलीचा_वेल:
नमस्कार. मी लॉच्या तिसऱ्या वर्षाला आहे. अभ्यासगटात मला अर्धा तास बोलायचंय. न्यायाधीश मनाने गुलामगिरीच्या विरोधात, पण समोरचा कायदा मालकाच्या बाजूने. अशा वेळी त्याने करायचं काय? सॉमरसेट खटल्याचं नाव ऐकलंय, तेवढंच. सुरुवात कुठून करू? जाडजूड ग्रंथ वाचायला वेळ नाही.

उंबरठा:
सॉमरसेटच आधी. मालकाने इंग्लंडात आणलेला जेम्स सॉमरसेट पळाला, पकडला गेला आणि जमैकाला निघालेल्या जहाजावर बेड्यांत अडकला. गुलामगिरीविरोधी कार्यकर्ते ग्रॅनव्हिल शार्प त्याच्यामागे उभे राहिले. २२ जून १७७२ ला न्यायाधीश लॉर्ड मॅन्सफील्ड यांनी त्याला सोडलं. गुलामगिरी इतकी घृणास्पद आहे की तिला आधार द्यायला स्पष्ट कायदाच लागेल, असा त्यांचा मुद्दा होता. निकाल छोटा आहे, मुळातूनच वाचा.

पाणकणीस:
त्यातली मेख बघा. स्पष्ट कायदा नव्हता म्हणून सुटका. आणि असता तर? तुमचा विषय इथे सुरू होतो.

मी अमेरिकेतल्या बोस्टनचे न्या. लेम्युएल शॉ निवडेन. लुइझियानाहून मालकिणीसोबत आलेल्या मेड नावाच्या सहा वर्षांच्या मुलीला त्यांनी १८३६ मध्ये मोकळं केलं, सॉमरसेटच्याच वाटेने. मग पळालेल्यांना मालकाकडे परत करायला लावणारा १८५० चा फरारी गुलामांचा कायदा आला. पुढच्याच वर्षी जॉर्जियातून पळालेला टॉमस सिम्स बोस्टनमध्ये पकडला गेला. गर्दीला अडवायला कोर्टाभोवती साखळदंड बांधले होते, शॉसुद्धा त्याखालून वाकून आत गेले. त्यांनी सिम्सचा सुटकेचा अर्ज फेटाळला. त्याला परत गुलामीत पाठवलं.

तोच न्यायाधीश, दोन्ही वेळा. ही दोन प्रकरणं शेजारी मांडा, अर्धा तास पुरणार नाही. पुस्तक एकच सांगतो, रॉबर्ट कव्हर यांचं १९७५ चं ‘जस्टिस अक्यूज्ड’. ‘माझे हात बांधलेत’ असं म्हणणाऱ्या न्यायाधीशांचे हात खरंच किती बांधलेले होते, हे ते तपासतं.

सायलीचा_वेल:
मेडचं वाचून गलबललं. पण शॉंनी शपथ घेतली होती ना? मग राजीनामा द्यायचा?

पाणकणीस:
बोस्टनचे गुलामगिरीविरोधी वक्ते वेंडेल फिलिप्स नेमकं तेच म्हणत. त्यांचे सहकारी गॅरिसन यांनी तर ४ जुलै १८५४ ला अमेरिकेच्या राज्यघटनेची प्रत जाहीर सभेत जाळली. घटनाच गुलामगिरीला सामील आहे, असं त्यांचं ठाम मत. मला स्वतःला राजीनामा अपुरा वाटतो. खुर्ची रिकामी झाली तरी सिम्स कोठडीतच राहतो.

मोगरी:
म्हणूनच फ्रेडरिक डग्लस वगळू नका. ते स्वतः गुलामीतून निसटलेले, आधी गॅरिसनच्याच मताचे. १८५१ मध्ये त्यांनी मत बदललं. घटनेत तोवर ‘गुलाम’ हा शब्दच नव्हता. मग तिचा अर्थ स्वातंत्र्याच्या बाजूने का लावू नये, हा त्यांचा सवाल. १८५२ चं रॉचेस्टरचं भाषण वाचा, शक्यतो मोठ्याने. आणि घरातलं म्हणून जोतीरावांच्या १८७३ च्या ‘गुलामगिरी’ची अर्पणपत्रिका. अमेरिकेतल्या गुलामांच्या मुक्तीसाठी झटणाऱ्यांना पुस्तक अर्पण करताना त्यांनी शूद्र बांधवांचीच आठवण ठेवली आहे.

सायलीचा_वेल:
ठरलं. मेडपासून सुरुवात, मग सिम्स. सॉमरसेट मागे जाऊन सांगेन. डग्लसचं भाषण आज रात्रीच वाचते.