तर्री पोहे, चहा अन् 'आपलं' खाणं

महालकर: मुलगी कॉलेजच्या प्रोजेक्टसाठी विचारून राहिली, आपलं अस्सल नागपुरी काय? मी म्हटलं, तर्री पोहे, म्हणजे चण्याचा तिखट रस्सा घातलेले पोहे, अन् वरून चहा. तर म्हणे, मिरची-टमाटर पोर्तुगीजांमुळे आले, चहा इंग्रजांचा. मग आपलं उरलं काय? काय सांगू जी?

इतवारीची सून: पोहे अन् चणे विसरली वाटते ती! मिरची बाहेरून आली हे खरं, पण आपल्या भिवापूरच्या मिरचीला जीआय, म्हणजे त्या गावच्या नावाची सरकारी ओळख, आहे आता. तर्रीला चणे रात्रीच भिजवायचे, खोबरं-खसखस काळपट होईस्तोवर भाजायची, तेल वर आल्याशिवाय गॅस बंद करायचा नाही.

जुना मिलकामगार: चहा मुद्दाम गळ्यात मारला आपल्या. 1903 मध्ये इंग्रज सरकारने चहावर सेस म्हणजे जादा कर लावला, त्या पैशातून चहाचा प्रचार. गिरण्या, खाणी, रेल्वे स्टेशनांवर स्टॉल लागले. इंग्रजांचा ठसा तर गिरणीच्या नावातही, आपल्या नागपूरच्या एम्प्रेस मिलचं नावच बघा ना, 1877 मध्ये व्हिक्टोरिया राणी सम्राज्ञी झाली त्यावरून! पण आपल्या लोकांनी भरपूर दूध-साखर ओतली, अद्रक-विलायची ठेचून घातली. मसाल्याने पत्ती कमी लागते म्हणून चहावाल्या कंपन्यांना ते रुचत नव्हतं. आमची आजी मात्र चहाला शेवटपर्यंत व्यसनच म्हणायची, ताकच प्यायची. आमच्या पाळीला चहा मिळाला नाही तर माग हालायचा नाही, हे तिला कोण सांगणार!

महालकर: वाचून दाखवलं. आता म्हणे, खसखस कुठून आली? घ्या!