गर्ल गाईड: मुलींना मोकळं करणारी चळवळ की साम्राज्याची तालीम?

तिठा
शाळेतल्या स्काऊट-गाईड मेळाव्यात गाईडचा इतिहास हमखास 'मुलींना घराबाहेर काढणारी चळवळ' म्हणून सांगतात. माझा त्याला आक्षेप आहे. ॲग्नेस बेडन-पॉवेल आणि त्यांचे भाऊ, स्काऊट चळवळीचे संस्थापक रॉबर्ट यांनी १९१२ साली गाईडसाठी जे हस्तपुस्तक काढलं, त्याच्या नावातच 'मुली साम्राज्याच्या उभारणीला कसा हातभार लावू शकतात' असं होतं.

आधीचा क्रम पाहा. ४ सप्टेंबर १९०९ ला लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये स्काऊटचा मोठा मेळावा भरला. तिथे काही मुली न बोलावता, स्काऊटसारखा पोशाख करून आल्या आणि 'आम्हीही स्काऊटच' म्हणाल्या. मुलग्यांसारखी प्राण्यांची नावं त्यांनी आपल्या संघांना दिलेली होती. पुढच्या वर्षी मुलींची वेगळी संघटना झाली, 'स्काऊट'चं 'गाईड' झालं आणि संघांना फुलांची नावं आली. कारण उघड सांगितलं जात होतं: मुली दांडगट होतील ही पालकांची भीती, आणि उद्याचे नागरिक घडवायचे तर आधी त्यांच्या आया घडवायला हव्यात हा विचार.

प्रवेशाच्या परीक्षेत गाठी होत्या, तसाच युनियन जॅक हा ब्रिटनचा झेंडाही होता. त्यात तीन क्रूस कोणते ते सांगायचं आणि झेंडा सुलटा चढवून दाखवायचा. काठीकडच्या बाजूला रुंद पांढरी पट्टी वर यायला हवी. ती खाली गेली की झेंडा उलटा, आणि उलटा झेंडा म्हणजे संकटाची खूण. सहज नजर टाकली तर हा फरक कळत नाही, म्हणूनच तो घोटून घेत. रीफ नॉट ही न सरकणारी गाठ आणि राजनिष्ठा एकाच दिवशी, एकाच परीक्षेत.

मृगनक्षत्र
तुम्ही नावावर थांबलात, आतलं पाहा. त्याच हस्तपुस्तकात आठ इंच दोरीने चोराला कसं जखडायचं ते आहे. खुणांनी आणि मोर्स या टिंब-रेषांच्या लिपीत निरोप पाठवणं आहे, ताऱ्यांवरून दिशा ओळखणं आहे. तारायंत्र, वीजकाम, सायकल यांचे बॅज आहेत. दोनपेक्षा जास्त काड्या न वापरता उघड्यावर चूल पेटवायची परीक्षा होती. हे स्वयंपाकाचं कौतुक नाही. वारा कुठून येतो ते पाहणं, ओलं सरपण बाजूला काढणं, बारीक काटक्या खाली आणि जाड वर रचून मध्ये हवेला वाट ठेवणं हे त्यात येतं. बहुतेक मुली घाईने जाड लाकूड आधी रचतात आणि दोन्ही काड्या वाया घालवतात. त्या काळच्या मध्यमवर्गीय मुलीला असं काही करून बघायची मुभा दुसरीकडे कुठे होती?

पहिल्या महायुद्धात ब्रिटनच्या एमआय-५ या गुप्तहेर खात्याने निरोप्याच्या कामावर गाईड मुली ठेवल्या होत्या. आधी स्काऊट मुलगे होते, ते दंगा करायचे म्हणून त्यांच्या जागी मुली आल्या. आठवड्याला दहा शिलिंग पगार होता. संधी मिळाल्यावर मुलींनी ती निभावली, एवढं तरी मान्य करा.

खडीसाखर
एमआय-५ चं उदाहरण उलट बाजूने बोलतं. नेलेला कागद वाचायचा नाही आणि बाहेर बोलायचं नाही, असं वचन देऊन त्या काम करत होत्या. निरोप कशाचा, हे विचारायचा हक्क त्यांना नव्हता. विश्वासू आणि गप्प हे गुण गाईडच्या नियमांनीच घडवले होते. अडचणीत हसत राहावं हा नियम त्याच यादीतला.

शिरीषफूल
चळवळीइतकंच बळ पुस्तकांचं होतं, ती बाजू इथे सुटतेय. 'गर्ल्स ओन पेपर' हे साप्ताहिक १८८० पासून रिलिजस ट्रॅक्ट सोसायटी काढत होती, किंमत एक पेनी. एवढ्यात घरकाम करणाऱ्या मुलीलाही ते परवडे. त्यातून शिवण, आरोग्य, कथा आणि वसाहतींत जाऊन राहण्याबद्दलचे सल्ले एकाच अंकात येत.

बेसी मर्चंट यांनी मुलींसाठी शंभराहून अधिक साहसकथा लिहिल्या. कॅनडा, ऑस्ट्रेलिया, आफ्रिका, भारत असे प्रदेश त्यात येतात आणि लेखिका स्वतः कधी इंग्लंडबाहेर गेली नाही. नायिका दूर उत्तरेत दुकान चालवते, होडी वल्हवते, आजारी बापाचा संसार सांभाळते. शेवटी बहुतेक वेळा लग्न. तिचं शौर्य दिसावं म्हणून आजूबाजूचे मूळ रहिवासी भित्रे, लबाड किंवा इमानी नोकर असतात. मुलीला मोकळं रान दिलंय, पण ते रान दुसऱ्या कुणाचं तरी होतं.

आणखी एक बघा. लहान गाईडच्या शाखेचं नाव १९१४ मध्ये 'रोझबड्स' होतं, ते मुलींना आवडलं नाही आणि १९१५ मध्ये 'ब्राउनीज' झालं. हे ज्युलियाना हॉरेशिया युइंग यांच्या जुन्या कथेतून आलं. कथेत गुपचूप घरकाम करणारे टॉमी आणि जॉनी हे दोन भाऊ आहेत. शाखेसाठी ती पुन्हा सांगितली तेव्हा जॉनीच्या जागी बेटी ही बहीण आली. मुलग्यांना लावलेली घरकामाची सवय इथे मुलींच्या वाट्याला गेली. संस्काराच्या गोष्टी कशा फिरवल्या जातात, याचा एवढा स्पष्ट पुरावा क्वचित मिळतो.

मृगनक्षत्र
शेवटच्या प्रकरणातलं लग्न वाचून मुलगी आधीची तीस प्रकरणं विसरते का? वाचक पुस्तकातून काय उचलतो, ते प्रकाशकाच्या हातात नसतं. आज्ञाधारकपणा आणि दोर बांधणं एकत्र शिकवलं, तरी मनगटात उरतो तो दोर. उजवं डाव्यावर, मग डावं उजव्यावर, की झाली रीफ नॉट. दोन्ही वेळा एकाच बाजूने फिरवली तर ग्रॅनी ही कच्ची गाठ होते आणि ताण पडताच सरकते. ज्या मुलीला हा फरक कळला, ती तो झेंड्याच्या दोरीला वापरेल, तशीच मोर्च्याच्या फलकालाही.

आपल्याकडे तेच झालं. १९३० च्या आंदोलनात मुलांची वानरसेना निघाली. १९४१ पासून राष्ट्र सेवा दलात मुली कवायत करू लागल्या. शिटी, रांग, गणवेश, झेंड्याला वंदन, सगळं तेच, फक्त राजा नव्हता.

बोरू
'मुलगी' म्हणताना कोणती मुलगी, हे आधी ठरवू. भारतात पहिलं गाईड पथक १९११ मध्ये जबलपूरला निघालं, ते युरोपीय आणि अँग्लो-इंडियन मुलींसाठी. भारतीय मुलींना १९१६ पर्यंत दार बंद होतं. मुलग्यांचीही तीच कथा, म्हणून ॲनी बेझंट आणि जॉर्ज अरुंडेल यांनी मद्रासमध्ये भारतीय मुलांसाठी वेगळी स्काऊट संघटना काढली आणि १९१८ मध्ये अलाहाबादला मदनमोहन मालवीय, हृदयनाथ कुंझरू, श्रीराम बाजपेयी यांची सेवा समितीची संघटना उभी राहिली.

गाईडचा चौथा नियम होता: गाईड सगळ्यांची मैत्रीण आणि प्रत्येक गाईडची बहीण. दक्षिण आफ्रिकेत मात्र काळ्या मुलींना गाईडमध्ये घेतलं नाही. त्यांच्यासाठी १९२५ च्या सुमारास 'वेफेरर्स' नावाची वेगळी संघटना झाली आणि १९३६ मध्ये ती गाईडशी जोडली गेली, तीही वेगळी शाखा ठेवूनच. भगिनीभावाची मर्यादा वर्णाने ठरत होती. मनगटात काय उरलं हा प्रश्न पुढचा, दोर हातात कुणाला दिला तो आधीचा.

आणि मृगनक्षत्र, राजा गेला म्हणून साचा बदलला असं नाही. वर्ध्याला १९३६ मध्ये राष्ट्र सेविका समिती निघाली, तिथेही कवायत होती आणि तिथेही मुलीला आदर्श मातेचं चित्र दाखवलं जात होतं.

तिठा
बोरूंच्या मुद्द्याने प्रश्न नेमका झाला. साम्राज्य गेल्यावर ब्रिटिश गाईड संघटनेची भारतीय शाखा १५ ऑगस्ट १९५१ ला भारत स्काऊट्स अँड गाईड्समध्ये आली, १९६६ मध्ये पुण्यात 'संगम' हे गाईडचं जागतिक केंद्र उघडलं. अभ्यासक्रमात तिरंगा आला. पण 'किम्स गेम' तसाच राहिला. ताटात वीस-तीस वस्तू मांडायच्या, एक मिनिट पाहू द्यायच्या, झाकायच्या आणि आठवून लिहायच्या. हा खेळ किपलिंगच्या 'किम' या कादंबरीत सिमल्याच्या दुकानात एका मुलाला ब्रिटिशांसाठी हेरगिरी शिकवायला येतो. तो बंद करा असं मी म्हणत नाही, निरीक्षणासाठी उत्तम आहे. आठवताना मुली वस्तू सुट्या घोकतात आणि आठ-दहावर अडकतात. धातूच्या, कापडाच्या, खाण्याच्या असे गट पाडायला शिकवलं की आकडा वाढतो. हे शिकवताना खेळ कुठून आला हेही दोन वाक्यांत सांगा, आणि 'सिमल्याच्या त्या दुकानात कोण कुणावर नजर ठेवायला शिकत होतं?' असं विचारा. सातवी-आठवीच्या मुलींना हा प्रश्न झेपतो.

मृगनक्षत्र
हे चालेल. फक्त त्याच तासाला १९०९ च्या त्या न बोलावलेल्या मुलींचंही सांगा. नाहीतर साम्राज्याने मुलींना घडवलं एवढंच उरेल, आणि फुलांची नावं मिळण्याआधी त्यांनी स्वतः कोणती निवडली होती, ते पुन्हा गळेल.