ऑपरेशन गुडघ्याचं, मग मलम नाकात कशाला?

"गुडघा बदलायचाय, तर नाकात मलम घालायचा खर्च कशाला?" असं एकांनी विचारलंय, म्हणून लिहिते. ऑपरेशनआधीचं ते मलम टाळू नका हो. साधारण दर तिघांत एकाच्या नाकपुडीत स्टॅफिलोकोकस ऑरियस हा जिवाणू मुक्कामाला असतो. एरवी काही त्रास नाही, पण नाकाला हात लागला की तो कातडीवर येतो आणि तिथून टाक्यांच्या जखमेत शिरतो. २०१० साली नेदरलँड्समधल्या एका चाचणीचे निष्कर्ष आले. नाकात हा जिवाणू असलेल्या रुग्णांना पाच दिवस म्युपिरोसिन या जिवाणू मारणाऱ्या औषधाचं मलम आणि क्लोरहेक्सिडिनच्या जंतुनाशक साबणाने आंघोळ दिली. त्यांच्यात या जिवाणूचा संसर्ग ३.४ टक्के लोकांना झाला, नुसतं दिखाऊ औषध मिळालेल्यांत ७.७ टक्के. फरक लहान नाही!

आईच्या वेळी मीच लावायचे. कापसाच्या काडीवर काडेपेटीच्या गुलाएवढं मलम, नाकपुडीत पुढच्या बाजूलाच, मग दोन्ही नाकपुड्या मिनिटभर चिमटीत दाबून सोडायच्या. सकाळ-संध्याकाळ, पाच दिवस. तिला शिंका यायच्या, पण एकही वेळ चुकवली नाही.

उरलेली ट्यूब मात्र पुढच्या सर्दीला काढू नका. ते प्रतिजैविक आहे, उगाच वापरलं की जिवाणू त्याला दाद देईनासे होतात.