प्रतिसाद: माणूस हटला म्हणजे बेट सावरतेच असे नाही

माणसाचा वावर थांबवला की खडकाळ बेट आपोआप सावरते, हे मत मला अपुरे वाटते. मॉरिशसच्या उत्तरेला असलेल्या राउंड आयलंड या सुमारे सव्वादोन चौरस किलोमीटरच्या निर्मनुष्य, राखीव बेटावर पूर्वी सोडलेल्या शेळ्या आणि सशांनी कोवळी रोपे इतकी खाल्ली, की मुळांचा आधार गेलेली माती पावसाबरोबर समुद्रात वाहून गेली आणि ज्वालामुखीचा खडक उघडा पडला. शेळ्या 1979 पर्यंत आणि ससे 1986 मध्ये हटवल्यावरच झाडोरा वाढू लागला. मात्र बिळे करून राहणारा तिथला बोआ हा साप 1975 नंतर कुणाला दिसलेला नाही, ही हानी कायमची आहे. त्याचा नातलग, राउंड आयलंड बोआ, वाचला. त्याच्या वरच्या जबड्याचे हाड मध्ये सांध्याने दुभागलेले असते, त्यामुळे गुळगुळीत पाली-सरडे त्याच्या पकडीतून सहसा निसटत नाहीत. पुढे, नामशेष झालेल्या स्थानिक कासवांचे झाडपाला चरण्याचे आणि बिया पसरवण्याचे काम करण्यासाठी सेशेल्समधील अल्डाब्रा या प्रवाळबेटाची महाकाय कासवे तिथे आणली गेली. या बेटावर उंदीर कधीच पोहोचले नाहीत, आणि माझ्या मते तेच त्याचे सर्वांत मोठे भाग्य आहे. म्हणून तिथे उतरणाऱ्या प्रत्येक सामानाची कसून तपासणी हवीच.