मायकेल लॉन्सडेल यांची ओळख कोणत्या चित्रपटांनी करून घ्यावी?

मुळाक्षर (धागाकर्ता)
फ्रेंच अभिनेते मायकेल लॉन्सडेल (1931–2020) यांचे काम नीट पाहण्याची फार दिवसांची इच्छा आहे. नायकाच्या भूमिका क्वचितच वाट्याला येऊनही ऑर्सन वेल्सपासून स्पीलबर्गपर्यंतच्या दिग्दर्शकांना हा माणूस हवासा का वाटला, हे मला समजून घ्यायचे आहे. दिवाळीच्या सुट्टीत तीन संध्याकाळी मोकळ्या आहेत आणि खर्चाची मर्यादा एक हजार रुपये आहे. सोबत वडील असतील. त्यांना भराभर सरकणारी इंग्रजी सबटायटल वाचता येत नाहीत. कृपया तीन चित्रपट सुचवावेत.

जुनी_रीळ
'द डे ऑफ द जॅकल' (1973) यापासूनच सुरुवात करावी. लॉन्सडेल यात मारेकऱ्याच्या मागावर असलेले क्लोद लबेल हे पोलीस अधिकारी आहेत. मंत्र्यांच्या बैठकीत ते फोनवरील संभाषणाची ध्वनिफीत ऐकवतात आणि तपासाची बातमी कोणाच्या घरातून फुटली हे सर्वांसमोर उघड होते. नेमका हाच फोन कसा निवडला, असे विचारल्यावर ते शांतपणे सांगतात की, माहीत नव्हते, म्हणून सगळ्यांचेच फोन ऐकले. एवढ्या मोठ्या माणसांच्या खोलीत आवाज न चढवता मिळवलेला तो ताबा मी वारंवार पाहिला आहे. शिवाय चित्रपट इंग्रजीत आहे.

संग्राहक_ठाणे
'मूनरेकर' (1979) वगळून लॉन्सडेल पाहता येणार नाहीत. त्यांचा खलनायक ह्यूगो ड्रॅक्स बाँडला मारण्याचा हुकूमही पाहुण्याची सरबराई करायला सांगावे तसा सोडतो. मात्र हजार रुपयांचा विचार सोडून द्यावा. मी बाँडपटांचा संपूर्ण ब्लू-रे संच परदेशातून मागवला. किंमत बरीच अधिक पडली, पण त्या चित्राची सर दुसऱ्या कशालाच नाही.

पाटी_पेन्सिल
त्यांना फ्रेंच म्हणावे का, हाच माझा प्रश्न आहे. वडील इंग्रज होते आणि बालपणाचा मोठा भाग लंडन व मोरोक्कोत गेला.

जुनी_रीळ
जन्म पॅरिसचा, आई फ्रेंच आणि रंगभूमीवरील जडणघडणही पॅरिसचीच, त्यामुळे फ्रेंच म्हणण्यास काहीच हरकत नाही. दोन्ही भाषा अवगत असल्यानेच 1982 साली बीबीसीच्या 'स्मायलीज पीपल' या मालिकेत अॅलेक गिनेस यांच्यासमोर ते सोव्हिएत मुत्सद्दी ग्रिगोरिएव्ह म्हणून उभे राहू शकले. दूरचित्रवाणीवरील त्यांचे काम पाहायचे असेल, तर ही मालिका घ्यावी.

सायंतारा
मला 'ऑफ गॉड्स अँड मेन' (2010) सर्वांत जवळचा वाटतो. अल्जेरियातील तिभिरीनच्या ख्रिस्ती मठातील सात भिक्षू 1996 मध्ये मारले गेले, त्यावर तो आधारित आहे. लॉन्सडेल यात दमेकरी, थकलेले वैद्य ब्रदर ल्यूक आहेत. एक गावकरी मुलगी त्यांना प्रेमात पडणे म्हणजे काय असे विचारते आणि हा वृद्ध माणूस कसलाही संकोच न करता उत्तर देतो. या भूमिकेसाठी त्यांना वयाच्या 79व्या वर्षी सहायक अभिनेत्याचा सेझार हा फ्रेंच चित्रपट पुरस्कार मिळाला.

कोपऱ्यातली_खुर्ची
मीही 'जॅकल'च सुचवीन. 'इंडिया साँग' (1975) मात्र घेऊ नका. मी मागवलेल्या डिस्कवर सबटायटल नव्हतीच आणि विक्रेत्याने पैसे परत केले नाहीत. शिवाय कथा कलकत्त्यात घडत असली तरी चित्रीकरण फ्रान्समधले आहे.

दीर्घपट
तीन संध्याकाळी असतील, तर जाक रिव्हेत यांचा जवळजवळ तेरा तासांचा 'आउट 1' एकट्यानेच त्या भरून काढील. लॉन्सडेल त्यात एका नाट्यमंडळीचे प्रमुख आहेत.

मुळाक्षर
सर्वांचे मनापासून आभार. विचारांती पहिल्या संध्याकाळी 'इंडिया साँग'च लावायचे ठरवले आहे. तक्रारीत डिस्कचा दोष आहे, चित्रपटाचा नाही. सबटायटलची खात्री करूनच प्रत घेईन. दिग्दर्शिका मार्गरित द्युरास यांनी पात्रांचे ओठ मिटलेले ठेवून आवाज बाहेरून ऐकवले आहेत आणि दृश्ये दीर्घकाळ स्थिर ठेवली आहेत, त्यामुळे वडिलांना वाचायला उसंत मिळेल. मुख्य म्हणजे ज्याच्या सौम्य आवाजाचे आपण सर्वजण कौतुक करीत आहोत, तोच अभिनेता लाहोरच्या उपवाणिज्यदूताच्या भूमिकेत नाकारलेल्या प्रेमाने आक्रोश करतो. तो आक्रोश आधी ऐकून मग 'जॅकल'मधला संयम पाहावा, असे मला वाटते. तिसरी संध्याकाळ 'ऑफ गॉड्स अँड मेन'ची.

संग्राहक_ठाणे
निदान 'जॅकल' तरी ब्लू-रेवरच पाहावा.