कोंबड्याची रोपं खुरटली, मावाही पडला – गणपतीपर्यंत सावरतील का?

वुडबरीहून (मिनेसोटा, अमेरिका), ६ जून, सकाळी

नमस्कार मंडळी,

यंदा गणपती १४ सप्टेंबरला आहेत. मंडळाच्या मखराला घरच्या कोंबड्याची (सेलोशियाची) फुलं द्यावीत असं फार मनात आहे. मदर्स डेच्या, म्हणजे मेच्या दुसऱ्या रविवारच्या, सुट्टीत नर्सरीतून रोपं आणून दारापुढच्या वाफ्यात लावली. अर्धी पिसांसारख्या तुऱ्याची आहेत, अर्धी मखमली शेंडीची. आज एकही रोप वीतभर नाही. पानं जांभळट दिसतात, शेंड्याला आत्ताच नखाएवढं फूल आलंय आणि पानांखाली हिरवा मावा (रस शोषणारी बारीक कीड) आहे. घरात रांगतं बाळ आहे, त्यामुळे जहाल औषध नको. सासूबाई तंबाखूचं पाणी फवारायला सांगतायत. कुणाला अनुभव आहे का?

ईगनहून, ६ जून, दुपारी

ताई, फवारणीचं नंतर बोलू. मावा दिसतो म्हणून सगळा दोष त्याच्याकडे जातो, पण तुमच्या रोपांना आधी थंडी बाधली आहे.

आपल्या ट्विन सिटीजमध्ये (मिनिआपोलिस-सेंट पॉल भागात) शेवटचा फ्रॉस्ट, म्हणजे दव गोठवणारी थंडी, साधारण मेच्या मध्यावर सरतो, म्हणून सगळे त्याच सुमाराला लावणी करतात. टोमॅटो कसाबसा तग धरतो. कोंबड्याला फ्रॉस्ट टळला एवढं पुरत नाही. दुपारी पारा सत्तरीत (फॅरनहाइट) गेला तरी मेमधल्या रात्री चाळिशीत उतरतात आणि माती गारच राहते. गार मातीत मुळं चालत नाहीत आणि पानं रंग बदलतात (जात मुळातच लाल पानांची असेल तर गोष्ट वेगळी). रोपाला तगण्याची खात्री नसली की ते वाढ सोडून घाईघाईने फुलावर येतं. नर्सरीच्या इवल्याशा कप्प्यात मुळं गुंडाळली गेली असतील तरी हेच होतं. म्हणून मी नेहमी सांगते, नर्सरीत आधीच फुललेलं रोप घेऊ नका. बिनफुलाचं, ठेंगणं, हिरवंगार रोप घ्या. रात्री सलग ५५ अंश फॅरनहाइटच्या वर राहू लागल्या की मगच लावा. आपल्याकडे ही वेळ मेअखेर किंवा जूनच्या पहिल्या आठवड्यात येते. उशिरा लावलेलं रोप जुलैत लवकर लावलेल्याच्या पुढे जातं.

आता तुमच्या वाफ्याकडे वळू. पिसाच्या तुऱ्याची जी रोपं आहेत त्यांचं ते नखाएवढं फूल खालच्या दोन पानांसकट खुडून टाका. बगलेतून फांद्या फुटतील आणि एकाऐवजी चार-पाच तुरे मिळतील. मखमली शेंडीच्या रोपांना मात्र हात लावू नका. त्याची सगळी शोभा मधल्या एकाच शेंडीत असते, ती खुडली की बाजूला बारकी फुलंच येतात. ती रोपं खुरटलीच असतील तर नवी आणलेली बरी.

शिवाय आजच्या आज थोडं बी थेट वाफ्यात टाका. माती आता पुरेशी तापली आहे. बी खसखशीसारखं बारीक असतं, त्यावर मातीचा नुसता हात फिरवा, खोल पुरू नका. उगवेपर्यंत झारीने हलकं पाणी द्या. पिसाच्या तुऱ्याचे बहुतेक प्रकार ९० ते १०० दिवसांत फुलतात, म्हणजे गणपतीला अगदी हातातोंडाशी. दोन रोपांत नऊ-दहा इंच ठेवा आणि निदान सहा तास थेट ऊन हवं.

मावा घालवायला आधी पाण्याचा जोरदार फवारा पानांच्या खालून मारा, एक दिवसाआड, आठवडाभर. मावा मिलनाशिवाय थेट पिल्लं देतो, त्यामुळे एकदा धुऊन भागत नाही. तरी उरला तर बागेसाठी मिळणारा कीटकनाशक साबण आणा, भांड्यांचा साबण पानं भाजतो. हा साबण ज्या किड्यावर पडतो त्यालाच मारतो, म्हणून पानांची खालची बाजू नीट भिजली पाहिजे. संध्याकाळी मारा, आणि आधी एका पानावर करून बघा. ढालकिडे, म्हणजे लेडीबग, दिसले तर साबण थांबवा, तेच मावा फस्त करतील. आणि लॉनचं नत्रयुक्त खत वाफ्यात जाऊ देऊ नका, लुसलुशीत पाल्यावर मावा दुपटीने वाढतो.

तंबाखूचं पाणी अजिबात नको. निकोटिन कातडीतूनही अंगात भिनतं आणि तुमचं बाळ रांगतं आहे. मधमाश्यांनाही ते घातक आहे. तंबाखूतला विषाणू शेजारच्या टोमॅटो-मिरचीवर जायचीही भीती असते. सासूबाईंना माझा नमस्कार सांगा. त्यांच्या वेळी हाताशी दुसरं काय होतं?

डुलूथहून, ६ जून, रात्री

काकू, आमच्याकडे तळ्यावरचा वारा जूनमध्येही हाडं गोठवतो. इथे जमिनीत कोंबडा लावायची आशा ठेवायची का?

ईगनहून, ७ जून

दादा, लेक सुपीरियरच्या काठाला जमिनीचा हट्ट सोडा. गडद रंगाच्या मोठ्या कुंड्या घ्या आणि दक्षिणेकडच्या भिंतीला टेकवून ठेवा. दिवसभर तापलेली भिंत रात्री ऊब देते. गार रात्री कुंड्या गॅरेजमध्ये घेता येतात. तळाला भोकं हवीतच. गार आणि ओली माती असली की मूळ कुजलंच.

पुढच्या वर्षी बी घरात पेरा, पण एप्रिलच्या शेवटी. मार्चमध्ये नको, रोपं कप्प्यात म्हातारी होतात. खाली हीट मॅट (माती उबदार ठेवणारी विजेची चटई) आणि वर दिवा चौदा ते सोळा तास. दिवस लहान वाटला की कोंबडा लगेच फुलावर येतो, म्हणून खिडकीच्या उजेडावर भागवू नका. पाणी ट्रेच्या तळातून द्या आणि छोटा पंखा लावा. नाहीतर बुरशीने कोवळे देठ मातीलगत काळे पडतात आणि सगळी रोपं एका रात्रीत आडवी होतात. त्यावर औषध नाही.

वुडबरीहून, ९ जून

काकू, मावा बराच उतरला, तुरेही खुडले. पण काल रात्रीत दोन रोपं मातीपाशी कापल्यासारखी पडली. आणि एक विचारायचं राहिलं, याची कोवळी पानं कुरडूसारखी भाजीला चालतील ना?

ईगनहून, ९ जून

ती कटवर्म अळी आहे. दिवसा मातीत वेटोळं करून बसते, पडलेल्या रोपाभोवती इंचभर उकरा, सापडेल. बाकी रोपांना पुठ्ठ्याचं कडं घाला, इंचभर मातीत आणि दोन इंच वर.

आपला पावसाळी कुरडू आणि हा कोंबडा एकाच कुळातले, पानं खाण्यासारखीच असतात. पण नर्सरीच्या रोपांवर काय फवारलंय कळत नाही, ती भाजीला घेऊ नका. बियांपासून स्वतः वाढवलेल्याची खुशाल लसूण-मिरची घालून परता.

ऑगस्टमध्ये हवा कोरडी झाली की पानांवर बारीक पांढुरके ठिपके दिसतात का ते बघत राहा. पानाखाली कोरा कागद धरून झटका. कागदावर पडलेले ठिपके चालू लागले तर लाल कोळी ही कीड समजा. त्यालाही आधी पाणीच. मात्र मखमली शेंड्या भिजवू नका, त्यांच्या घड्यांत पाणी साचून कूज धरते.

बी हवं असेल त्यांनी दोन दिवसांत कळवा. माझ्याकडे गेल्या वर्षीचं लाल आणि पिवळं, दोन्ही आहे, संकरित नाही. रविवारच्या पिकनिकला पाकिटं घेऊन येते.