वाळलेलं पान पण डसतं बरं का

काही जण म्हणतात की डसणाऱ्या झाडाचं पान वाळलं की त्याची आग जाते, तर डेंड्रोक्नाइड या डसणाऱ्या झाडांच्या गटाच्या बाबतीत हे अजिबात धरून चालू नका. ऑस्ट्रेलियातल्या जिम्पी-जिम्पी या त्यातल्याच झाडाचे हर्बेरियममधले (वाळवलेल्या वनस्पतींच्या संग्रहातले) जुने नमुनेसुद्धा डसतात, कारण पानावरची ती मऊ दिसणारी लव म्हणजे सिलिकाच्या पोकळ सुया, टोक कातडीत मोडतं आणि विष आत. २०२० मधे क्वीन्सलँडच्या संशोधकांना त्यात जिम्पीटाइड नावाची विषारी छोटी प्रथिनं सापडली, ही वेदनेच्या नसांमधले सोडियम चॅनल (सोडियम आत सोडणारी, वेदनेचा संदेश सुरू करणारी बारीक दारं) नीट बंदच होऊ देत नाहीत, त्यामुळे ठणका लांबतो, कधीकधी महिनोन्‌महिने. लागलंच तर चोळू नका प्लीज, सुया अजून मोडतात, वॅक्सची पट्टी लावून ओढून काढतात. आणि पॅडेमेलन नावाचं कांगारूच्या जातीतलं छोटं जनावर हीच पानं आरामात खातं, काय बोलणार!